शिवसागर : उंचीवर अडवलेले पाणी

कोयना महाबळेश्वरच्या पठारावर उगम पावते. घाटमाथ्यावर जन्मलेल्या महाराष्ट्रातल्या बहुतेक नद्या लगेच पूर्वेची वाट धरतात. कोयनेचे तसे नाही. उगमापासून सुमारे 65 किलोमीटर ती सह्याद्रीच्या मुख्य रांगेला समांतर, उत्तरेकडून दक्षिणेकडे वाहते. तिच्या उजव्या हाताला कोकणात कोसळणारा कडा, डाव्या हाताला बामणोलीची डोंगररांग. या दोन भिंतींमध्ये सापडलेली नदी हेळवाकजवळ काटकोनात पूर्वेला वळते आणि पाटणवरून कराडला जाते. तिथल्या प्रीतिसंगमावर कृष्णा आणि कोयना समोरासमोरून येऊन एकमेकींना मिळतात. या वळणाच्या थोडे वर, पाटण तालुक्यात देशमुखवाडीजवळ, नदी अडवली आहे. मागे पन्नासेक किलोमीटर पसरलेला जलाशय म्हणजे शिवसागर.

महाराष्ट्रात धरणे पुष्कळ आहेत. साठ्याच्या बाबतीत उजनी कोयनेहून मोठे, जायकवाडीही त्याच तोडीचे. तरी शिवसागराची गोष्ट वेगळी आहे, कारण त्याचे खरे मोल पाण्याच्या राशीत नसून ती राशी ज्या उंचीवर उभी आहे त्या उंचीत आहे. धरणातून सुटलेले पाणी नदीच्या वाटेने पूर्वेला गेले, तर कराडपर्यंतच्या लांब प्रवासात ते थोडेच उतरते. तेच पाणी पश्चिमेच्या डोंगराला छिद्र पाडून कोकणात सोडले, तर काही किलोमीटरांच्या आत जवळजवळ पाचशे मीटर खाली येते. वीज, पाण्यावरचे हक्क, तंटे, बुडालेली गावे हे सगळे या एका भौगोलिक योगायोगातून निघाले आहे. जमिनीखाली जे घडले त्याचेही धागे याच साठ्याच्या खोलीशी जुळतात.

पाऊस हा या योगायोगाचा दुसरा भाग. धरणाचे पाणलोट क्षेत्र 891.78 चौरस किलोमीटर, म्हणजे एखाद्या तालुक्याएवढे. पण त्यावर जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत साधारण पाच मीटर पाऊस पडतो. नुसता गुणाकार केला तरी आकाशातून येणारे पाणी दीडशे टीएमसीच्या पुढे जाते. एक टीएमसी म्हणजे शंभर कोटी घनफूट, लिटरमध्ये सांगायचे तर सुमारे 2,832 कोटी. जुलै-ऑगस्टमध्ये सातारा-सांगलीकडची माणसे सकाळी वर्तमानपत्र उघडतात ती कोयनानगर, नवजा आणि महाबळेश्वर या तीन ठिकाणांचा पाऊस आणि धरणातला साठा पाहायला. त्यात नवजाचा आकडा पुष्कळदा महाबळेश्वरच्याही वर असतो.

कल्पना आणि बांधणी

पूर्ववाहिनी नदीचे पाणी घाटाखाली पश्चिमेला टाकून वीज करायची, ही कल्पना महाराष्ट्रात टाटांनी आधीच सिद्ध केली होती. लोणावळ्याच्या तलावांवर चालणारे खोपोलीचे वीजगृह 1915 मध्ये सुरू झाले. पाठोपाठ 1922 मध्ये भिवपुरी आणि 1927 मध्ये मुळशीच्या पाण्यावर भिरा. मुळशीच्या वेळी 1921 पासून सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांच्या नेतृत्वाखाली मावळ्यांनी केलेला सत्याग्रह हा धरणाविरुद्धच्या जगातल्या पहिल्या संघटित लढ्यांपैकी एक मानला जातो. म्हणजे वीज आणि विस्थापन हे दोन्ही प्रश्न कोयनेच्या आधीच एकत्र उभे राहिले होते. कोयनेचे खोरेही टाटांच्या नजरेत पहिल्या महायुद्धाच्या सुमारास आले होते. पाहणी झाली, आराखडे झाले, पण महायुद्धानंतरच्या मंदीत योजना बारगळली. दुसऱ्या महायुद्धानंतर मुंबई सरकारने ती पुन्हा हातात घेतली. धरणाचे काम 1950च्या दशकाच्या मध्यावर सुरू झाले आणि 1964 मध्ये पुरे झाले. त्या काळात राज्याची रचना दोनदा बदलली: काम सुरू झाले मुंबई राज्यात, आणि 1962 मध्ये पहिली वीज निघाली तेव्हा महाराष्ट्र राज्य जेमतेम दोन वर्षांचे होते. नव्या राज्याच्या मनात कोयनेला 'वरदायिनी'चे स्थान मिळाले त्यामागे हा काळाचा मेळ आहे.

धरण रबल काँक्रीटचे आहे. कोयनाकाठचा बेसाल्ट फोडून त्याचे मोठमोठे दगड जागेवर मांडायचे आणि मधल्या पोकळीत काँक्रीट भरून ते ठोकून घट्ट करायचे, अशी ही पद्धत. सिमेंट महाग आणि दुर्मिळ, दगड आणि मजूर मुबलक, अशा परिस्थितीत ती सोयीची होती. पायाच्या सर्वात खोल भागापासून धरणाची उंची 103 मीटर आणि लांबी 807 मीटर आहे. सांडव्यावर सहा वक्राकार दरवाजे आहेत. बांधकाम चालू असतानाच आराखड्यात बदल झाला. आधी धरण टप्प्याटप्प्याने उंच करायचे होते, पुढे ते एकदमच पूर्ण उंचीचे बांधायचे ठरले. त्यामुळे सांडव्याच्या दोन्ही बाजूंच्या भिंतींना खालच्या अंगाने एक अवचित वाकण राहिली: माथ्यापासून सुमारे 36 मीटर खाली भिंतीचा उतार एकदम बदलतो. कागदावर ही किरकोळ बाब होती. 1967 मध्ये ती किरकोळ राहिली नाही.

मूळ साठवण क्षमता 98.78 टीएमसी होती. एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात दरवाज्यांवर पाच फुटांच्या झडपा बसवून ती 105.25 टीएमसीवर नेली. भिंतीला हात न लावता, फक्त वरच्या पाच फुटांत, साडेसहा टीएमसी पाणी वाढले. त्याचे कारण साधे आहे: वरच्या पातळीला जलाशयाचा पसारा सर्वात मोठा असतो. पूर्ण भरल्यावर शिवसागर सुमारे 115 चौरस किलोमीटरवर पसरतो आणि त्याची सरासरी खोली 26 मीटरांच्या आसपास भरते. पण सरासरीने फसगत होते. धरणापाशी पाणी त्याच्या तिप्पट खोल, आणि तापोळ्याकडे, जिथे सोळशी आणि कांदाटी नद्या कोयनेला मिळतात तिथे, फुगवट्याची बोटे डोंगरांच्या कुशीत घुसून उथळ होत जातात.

पाण्याचे वर्ष 1 जूनला सुरू होते आणि 31 मेला संपते. पावसाळ्याच्या तोंडाशी जलाशय तळाला गेलेला असतो. काठाला तांबड्या मातीचा रुंद पट्टा उघडा पडलेला असतो. त्या पट्ट्यात जुन्या घरांची जोती, विहिरींचे कठडे, देवळांचे दगड वर येतात, आणि ज्यांची ती गावे होती त्यांच्यातले काही जण उन्हाळ्यात ती पाहायला येतात. उघड्या पडलेल्या जमिनीवर काही ठिकाणी गाळपेर होते. जुलैच्या एका चांगल्या आठवड्यात हे सगळे पाण्याखाली जाते.

डोंगराच्या पोटात

जलाशयाचा पाण्याशी होणारा खरा व्यवहार डोळ्यांना दिसत नाही. तो नवजाजवळ पाण्यात उभ्या असलेल्या मनोऱ्यापाशी सुरू होतो. तिथून पाणी पावणेचार किलोमीटर लांबीच्या बोगद्यात शिरते आणि सह्याद्रीच्या आरपार जाऊन उल्लोळ विहिरीपाशी पोचते. खाली यंत्रे एकाएकी थांबली की वेगात आलेल्या पाण्याला कुठेतरी जायला जागा लागते, नाहीतर दाबाने बोगदाच फुटेल. उल्लोळ विहीर ती जागा देते. पाणी तिच्यात वर चढते आणि जोर ओसरला की शांत होते. पुढे तिरक्या दाबवाहिन्यांमधून ते सुमारे 475 मीटर खाली, पोफळीच्या भूमिगत वीजगृहात उतरते आणि पेल्टन चक्रांच्या वाट्यांवर आदळते. आज पहिल्या टप्प्यातले 70 मेगावॅटचे चार आणि दुसऱ्यातले 80 मेगावॅटचे चार संच मिळून इथे 600 मेगावॅट वीज होते. एक टीएमसी पाणी एवढ्या उंचीवरून उतरले की गणिताने साडेतीन कोटी युनिटांहून अधिक ऊर्जा मोकळी होते. यंत्रांतली गळती वजा केली तरी तीन कोटींच्या आसपास हाती येते.

वीजगृहातून बाहेर पडलेले पाणी वाया जात नाही. चिपळूण तालुक्यात कोळकेवाडीला दुसरे, लहान धरण आहे. तिथे ते पुन्हा अडते आणि आणखी शंभरेक मीटर खाली उतरताना तिसऱ्या टप्प्याचे 80 मेगावॅटचे चार संच फिरवते. हा टप्पा 1970च्या दशकाच्या उत्तरार्धात सुरू झाला.

चौथा टप्पा समजून घेणे महत्त्वाचे, कारण त्याविषयी गैरसमज फार. 250 मेगावॅटचे चार संच, एकूण 1,000 मेगावॅट, म्हणजे आधीच्या तिन्ही टप्प्यांच्या बेरजेहून जास्त. साहजिकच वाटते की त्यासाठी तेवढेच जादा पाणीही लागत असेल. तसे नाही. पश्चिमेला वर्षाकाठी किती पाणी वळवायचे ते ठरलेले आहे आणि चौथ्या टप्प्याने त्यात भर घातली नाही. तेच पाणी दिवसभर संथपणे वापरण्याऐवजी संध्याकाळी, राज्यभर दिवे, पंखे आणि पंप एकदम सुरू होतात त्या घटकेला, जोराने वापरता यावे यासाठी तो आहे. कोळशावर चालणारे केंद्र पेटवून पूर्ण जोमात आणायला काही तास जातात. कोयनेचा संच काही मिनिटांत भार उचलतो. त्यामुळे वर्षभराच्या एकूण विजेत कोयनेचा वाटा थोडा दिसला, तरी ग्रीड कोसळण्याच्या बेताला येते तेव्हा नियंत्रण कक्षातले अभियंते पहिल्यांदा कोयनेकडे पाहतात. धरणाच्या पायथ्याचे 36 मेगावॅटचे वीजगृह धरून प्रकल्पाची क्षमता 1,956 मेगावॅट होते.

चौथ्या टप्प्यासाठी जलाशयातून पाणी घ्यायचे कसे, हा अभियांत्रिकीचा मोठा पेच होता. धरण भरलेले, वीज चालू. जलाशय रिकामा करून तोंड बांधणे अशक्य. मग नॉर्वेत रुळलेले लेक टॅपिंगचे तंत्र आणले. कोकणाच्या बाजूने बोगदा खणत खणत जलाशयाच्या तळाखाली आणायचा आणि वरच्या पाण्यामध्ये व बोगद्यामध्ये काही मीटर जाडीचे खडकाचे बूच तेवढे शिल्लक ठेवायचे. त्या बुचाखाली एक खोल खड्डा खणायचा. बुचाला आतल्या बाजूने भोके पाडून सुरुंग भरायचे, बोगद्याचे पुढचे दार बंद करायचे, आणि बोगद्यात काही पाणी भरून बुचाखाली हवेची गादी राखायची, म्हणजे धक्का दारापर्यंत पूर्ण जोराने पोचत नाही. मग स्फोट. फुटलेला दगड पाण्याच्या लोंढ्याबरोबर खाली येऊन खड्ड्यात बसतो, पुढे यंत्रांपर्यंत जात नाही. 13 मार्च 1999 रोजी शिवसागराच्या तळाला असे पहिले छिद्र पडले. आशियातला हा पहिला प्रयोग म्हणून त्याची नोंद झाली. त्या तोंडातून समुद्रसपाटीपासून 630 मीटर पातळीच्या खालचे पाणी घेता येत नव्हते. 25 एप्रिल 2012 रोजी दुसऱ्यांदा लेक टॅपिंग करून ती मर्यादा 618 मीटरवर आणली, आणि उन्हाळ्याच्या अखेरीसही चौथा टप्पा चालू शकेल अशी सोय झाली. दोन्ही वेळा ते पहिल्या प्रयत्नात जमले. या कामाची जेवढी ओळख महाराष्ट्राला असायला हवी तेवढी ती नाही.

पाणी कोणाचे

कृष्णेचे खोरे महाराष्ट्र, कर्नाटक, तेलंगणा आणि आंध्र या राज्यांत पसरलेले. त्यातले पाणी डोंगराआड, दुसऱ्याच खोऱ्यात टाकायचे म्हणजे खालच्या राज्यांच्या वाट्यातून ते कायमचे वजा करणे. 1969 मध्ये नेमलेल्या बच्छावत लवादापुढे हा वादाचा मोठा मुद्दा होता. लवादाने कोयनेतून पश्चिमेला वर्षाला 67.5 टीएमसीपर्यंत पाणी वळवण्यास मान्यता दिली. तेव्हापासून हा आकडा प्रकल्पाची लक्ष्मणरेषा ठरला आहे. कोटा मे संपण्याआधी संपत आला की वीजनिर्मिती आवरती घ्यावी लागते, मग धरणात पाणी असो वा नसो.

उरलेले पाणी पूर्वेचे. कोयनेतून सुटलेल्या पाण्यावर कृष्णाकाठची शेती तर चालतेच, शिवाय टेंभू, ताकारी आणि म्हैसाळ या उपसा योजनांमधून ते खानापूर, आटपाडी, कवठेमहांकाळ, जत या दुष्काळी तालुक्यांकडे चढवले जाते. इथे शिवसागराच्या अर्थकारणातला सर्वात अवघड प्रश्न उभा राहतो. पश्चिमेला गेलेले प्रत्येक टीएमसी कोट्यवधी युनिट वीज देते. पूर्वेला गेलेले तेच पाणी पंपांनी टप्प्याटप्प्याने उचलताना वीज खाते. केवळ युनिटांच्या हिशेबात पूर्वेची बाजू नेहमीच हरेल. पण माणदेशातल्या ज्या शेतात पाण्याअभावी काहीच उगवत नव्हते तिथे पाणी पोचले की काय बदलते, ते युनिटांत मोजता येत नाही. वीज सूर्यापासून आणि वाऱ्यापासूनही मिळू लागली आहे. आटपाडीला पाण्याचा दुसरा पर्याय नाही. पूर्वेच्या मागणीचे पारडे पुढच्या काळात जड होत जाणार आणि तसे होणे न्याय्य आहे.

11 डिसेंबर 1967

दख्खनचे पठार भूकंपापासून सुरक्षित, हे त्या काळचे सर्वमान्य मत होते. धरणाच्या आराखड्यात भूकंपाच्या धक्क्याची तरतूद होती, पण गुरुत्वाकर्षणाच्या पाच टक्क्यांएवढ्या बलाची. 1961-62 पासून जलाशय भरू लागला आणि थोड्याच काळात परिसरात लहान हादरे, जमिनीखालून येणारे आवाज सुरू झाले. सप्टेंबर 1967 मध्ये एक जोराचा धक्का बसला. त्यानंतर तीन महिन्यांनी, सोमवारी पहाटे 4 वाजून 21 मिनिटांनी, 6.3 तीव्रतेचा भूकंप झाला. कोयनानगरातली बहुतेक घरे पडली किंवा तडकली. माणसे झोपेत असताना दगडमातीच्या भिंती अंगावर आल्या. पावणेदोनशेहून अधिक माणसे गेली, दोन हजारांहून अधिक जखमी झाली. धक्का मुंबई, पुणे, गोव्यापर्यंत जाणवला आणि वीजनिर्मिती थांबली.

धरणाच्या गॅलरीतल्या यंत्राने जमिनीच्या हादऱ्याची नोंद केली: गुरुत्वाकर्षणाच्या 63 टक्के. आराखड्यात धरलेल्या बलाच्या बारापटीहून जास्त. तरी धरण उभे राहिले. भिंतीच्या दोन्ही अंगांना आडवे तडे मात्र गेले, आणि त्यांतले मुख्य तडे नेमके तिथे गेले जिथे उतार एकदम बदलत होता. नंतर सांडव्याच्या दोन्ही बाजूंच्या उंच भागांना काँक्रीटचे आधारखांब दिले. सांडव्याच्या भागाचे मजबुतीकरण नव्या शतकात पूर्ण झाले. कोयनेच्या त्या यंत्राची नोंद आणि त्या तड्यांचे नकाशे आज जगभरच्या धरण-अभियंत्यांच्या अभ्यासात असतात. धरणाचे एखादे नवे गणिती प्रारूप तयार झाले की ते आधी कोयनेवर तपासून पाहतात.

भूकंप धरणामुळे झाला का, हा प्रश्न त्या दिवसापासून विचारला जातो. त्याचे उत्तर काळजीपूर्वक द्यावे लागते. पूर्ण भरलेल्या शिवसागराचे वजन सुमारे तीनशे कोटी टन. आकडा प्रचंड, पण काही किलोमीटर खोलीवरच्या खडकावर मुळातच असलेल्या दाबापुढे तो अगदी नगण्य. असा भार खडक नव्याने फोडू शकत नाही. पण जिथे आधीच भेग आहे, दोन्ही बाजू ताणलेल्या आहेत आणि घर्षणाने कशाबशा अडून बसल्या आहेत, तिथे झिरपत गेलेल्या पाण्याचा दाब त्यांची पकड सैल करतो. ताण निसर्गाचा, निमित्त जलाशयाचे. म्हणून शास्त्रज्ञ जलाशयाने 'चेतवलेले' भूकंप असे म्हणतात. जगात जलाशयाने चेतवलेले आणि सहाहून अधिक तीव्रतेचे असे चारच भूकंप सर्वमान्य आहेत: चीनमधील शिनफेंगजियांग (1962), झांबिया-झिंबाब्वे सीमेवरचे करीबा (1963), ग्रीसमधील क्रेमास्टा (1966) आणि कोयना. त्यांत सर्वात मोठा कोयनेचा.

इतर ठिकाणी हादरे काही वर्षांनी थंडावले, कोयनेत थंडावले नाहीत. पाच किंवा अधिक तीव्रतेचे वीसहून अधिक धक्के इथे आजवर नोंदले गेले आहेत, आणि ते सारे सुमारे वीस बाय तीस किलोमीटरच्या पट्ट्यात. पावसाळ्यानंतर जलाशय भरतो तेव्हा आणि पुढे उन्हाळ्याकडे तो वेगाने उतरू लागतो तेव्हा हादरे वाढतात, असे हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेतले हर्ष गुप्ता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अनेक दशकांच्या नोंदींवरून दाखवले. दक्षिणेला वारणेवरचे चांदोलीचे धरण 1985 पासून भरू लागले, तसा हादऱ्यांचा पट्टाही तिकडे सरकला. एवढ्या लहान जागेत, एवढ्या नियमाने, मापता येईल अशा कारणाने होणारे भूकंप जगात दुसरीकडे सापडणे कठीण. म्हणूनच कराडजवळ केंद्र सरकारची खोल वेधनाची प्रयोगशाळा उभी राहिली आणि पाटण तालुक्यात गोठणे इथे तीन किलोमीटर खोल विंधन घेतले गेले. त्यात सव्वा किलोमीटरभर बेसाल्टचे थर ओलांडल्यावर थेट ग्रॅनाइट-नाइसचा अतिप्राचीन पाया लागला. भूकंपांचे उगम त्या पायाच्या खडकात आहेत. 1967 नंतर देशाच्या भूकंपप्रवण क्षेत्रांचा नकाशाच बदलला: 1970च्या सुधारित मानकात कोयना चौथ्या क्षेत्रात गेली आणि दख्खन निर्धोक असल्याचे जुने मत मागे पडले.

खोरे सोडलेली माणसे

जलाशय नेहमी खोऱ्याचा तळ बुडवतो, आणि डोंगरी मुलुखात तळ म्हणजेच शेती. कोयना, सोळशी, कांदाटीच्या काठची भातखाचरे पाण्याखाली गेली. वर उरली नाचणी-वरीपुरती उताराची जमीन आणि जंगल. शंभराच्या आसपास गावे आणि तीस हजारांच्या घरात माणसे उठली. त्या वेळी राज्यात पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. पहिला कायदा 1976 मध्ये झाला, तोवर ही माणसे उठून दीड दशक लोटले होते. कोणी सातारा, सांगली, सोलापूरच्या मैदानी गावांत गेले, कोणी घाट उतरून रत्नागिरी, रायगड, ठाण्याकडे. अनेक कुटुंबे मार्गी लावलीच गेली नाहीत; ती पाण्याच्या वरच्या उतारावर नवी वस्ती करून राहिली. 1985 मध्ये कोयना अभयारण्य जाहीर झाले आणि 2010 मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प, तेव्हा त्यांतल्या कित्येकांना दुसऱ्यांदा उठण्याची वेळ आली.

जमिनीच्या बदल्यात जमीन मिळाली का, हा प्रश्न विचारायला आधी कोण बाधित हे ठरावे लागते. ते ठरते संकलन रजिस्टरवरून: कोणत्या गावातले कोण खातेदार, किती जमीन गेली, मोबदला किती, पर्यायी जमीन कुठे. कोयनेच्या बाबतीत ही रजिस्टरे अपुरी राहिली. मूळ खातेदार वारले, वारसांची नावे लागली नाहीत, मिळालेल्या जमिनीचा सातबारा काही ठिकाणी दुसऱ्याच्याच नावावर. 2018 मध्ये श्रमिक मुक्ती दलाचे डॉ. भारत पाटणकर यांच्या नेतृत्वाखाली धरणग्रस्तांनी कोयनानगरला दीर्घ ठिय्या दिला, त्याची मुख्य मागणी हीच होती की याद्या पुऱ्या करा आणि जमिनी द्या. धरणाच्या भिंतीतला तडा मिलिमीटरपर्यंत मोजणाऱ्या राज्याला साठ वर्षांत माणसांची यादी पुरी करता आली नाही, ही या प्रकल्पातली सर्वात गंभीर उणीव आहे, आणि ती आजही भरून काढता येण्याजोगी आहे.

जावळी-पाटणच्या खोऱ्यांतली तरणी माणसे पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या गोद्यांत आणि बाजारांत ओझी उचलायला जात. 1969च्या माथाडी कायद्याने ज्यांना संरक्षण दिले त्यांत या भागातल्या माणसांचा भरणा मोठा होता. शेत बुडाल्यावर ही वाट अधिकच रुळली. कोयनेच्या विजेवर चालणाऱ्या शहरात कोयनेची माणसे हमाली करत होती.

मागे राहिलेल्या कांदाटी खोऱ्यातल्या गावांना जलाशयाने आणखी एक अडचण दिली: पूर्वी नदी उतरून पलीकडे जाता येई, आता मध्ये रुंद पाणी. बाजार, शाळा, दवाखाना यांसाठी लाँचवर अवलंबून राहावे लागले. गाड्या तराफ्यावरून पलीकडे नेतात. लाँच वेळेवर नसेल तर अडलेल्या बाळंतिणीला डोंगर वळसा घालून न्यावे लागे. तापोळा-बामणोलीला सुट्टीत बोटीतून फिरणाऱ्या, वासोट्याच्या चढाईला निघालेल्या पर्यटकांना हेच पाणी रम्य दिसते, आणि पर्यटनाने आता काही घरांत पैसाही येतो.

जंगलाचे मात्र एका अर्थी भले झाले. जलाशयाने पूर्वेकडून येणारी वाट तोडली, वस्ती विरळ झाली, आणि पश्चिम उतारावरची झाडी वाढली. शेकरू, गवे, अस्वले इथे आहेत. कोयना अभयारण्य, चांदोली, राधानगरी आणि कासचे पठार 2012 मध्ये पश्चिम घाटाच्या जागतिक वारसा यादीत आले. या झाडीमुळे डोंगरउताराची माती जागेवर टिकून राहते, म्हणून शिवसागराचे आयुष्य या जंगलावरही अवलंबून आहे.

पूर आणि अवजल

वीज आणि सिंचन यांना जलाशय भरलेला हवा. पूर थोपवायचा तर तो काही अंशी रिकामा हवा. 2005, 2019 आणि 2021 या वर्षी कृष्णेला आलेल्या महापुरांत सांगली-कोल्हापूरकडे पाणी घराघरांत शिरले, तेव्हा कोयनेचे दरवाजे केव्हा आणि किती उघडले यावर मोठी चर्चा झाली. ऑगस्टच्या आधी धरण किती भरू द्यायचे याचे वेळापत्रक असते. ते पाळून जागा राखली आणि नंतर पाऊसच झाला नाही तर पुढचे वर्ष कोरडे. जागा राखली नाही आणि एका रात्रीत तीनशे मिलिमीटर कोसळला तर पाणी सोडण्यावाचून गत्यंतर नाही. आधी पायथ्याच्या वीजगृहातून 2,100 क्युसेक, मग दरवाजे फुटाफुटाने वर. पूर्वेला तेव्हा कृष्णा आधीच फुगलेली असते. पावसाच्या अंदाजांत सुधारणा होते आहे तसे हे निर्णय थोडे आधी घेता येतील. पण 105 टीएमसीचे एक धरण पूर पूर्ण अडवेल ही अपेक्षा चुकीचीच आहे. कृष्णा, वारणा, पंचगंगेचे स्वतःचे पाणी त्याच्या हातात नाही.

पश्चिमेला उतरलेल्या पाण्याला प्रकल्पाच्या भाषेत अवजल म्हणतात. कोळकेवाडीनंतर ते वाशिष्ठीला मिळते, चिपळूणवरून दाभोळच्या खाडीत आणि अखेर अरबी समुद्रात जाते. मूळची पावसाळी नदी असलेली वाशिष्ठी त्यामुळे चिपळूणला उन्हाळ्यातही वाहती राहते. गावे, शहर आणि लोट्याची औद्योगिक वसाहत यांना त्याचा उपयोग होतो. त्याच नदीला 22 जुलै 2021 रोजी आलेल्या पुराने चिपळूण बुडाले. अतिवृष्टी, भरती, गाळाने भरलेले पात्र आणि वीजगृहांचे पाणी यांचा त्यात कितपत वाटा, यावर तेव्हापासून वाद आहे, आणि नदीतला गाळ काढण्याचे काम मोठ्या प्रमाणावर सुरू झाले ते त्यानंतरच. वर्षाला सदुसष्ट टीएमसीच्या आसपासचे हे पाणी रत्नागिरी-रायगडच्या टंचाईग्रस्त गावांना द्यावे, पाइपाने मुंबईपर्यंत न्यावे, असे प्रस्ताव गेली कित्येक वर्षे सरकारदरबारी आहेत. मुंबईला न्यायचे तर शेकडो किलोमीटरचा खर्च, कोकणातल्या गावांना द्यायचे तर समुद्रसपाटीजवळचे पाणी पुन्हा डोंगरवाड्यांवर चढवण्याचा खर्च. दोहोंपैकी पहिला मान कोकणातल्या गावांचा असायला हवा, कारण एप्रिल-मेमध्ये टँकरची वाट पाहणाऱ्या त्यांच्या वाड्यांच्या पायथ्याशीच हे पाणी खाडीला मिळते. तोवर बहुतांश अवजल दाभोळला समुद्रात जात आहे.